इंदुताई आधी खुंटी पाहतात

सडा टाकून झाला होता. गॅसवर चहा ठेवला होता आणि मी नळाखाली हंडा लावून उभी होते, कारण आमच्याकडे नळ एक दिवसाआड येतो आणि आला की अर्ध्या तासात जातो. ओसरीवर तूर निवडायला सूप काढून ठेवलं होतं. तेवढ्यात फाटकापाशी एक बाई येऊन थांबल्या. निळी सुती साडी, खांद्यावर जाड कातडी पिशवी आणि पायात कॅनव्हासचे बूट. साडीवर बूट घातलेली बाई आमच्या गावानं तोवर पाहिली नव्हती.

"टेलरचं घर हेच काय?"

"हेच व्हय. पन टेलर नाई आता."

"मालूम हाये," त्या म्हणाल्या. "मशीन हाये न?"

आदरणीय इंदुताईंची आणि माझी पहिली ओळख ही अशी झाली. दिवाळी नुकतीच होऊन गेली होती आणि माझे यजमान जाऊन सात महिने झाले होते. आमचं गाव तिवशापासून जवळ. हे गावातले टेलर होते, शाळेचे कपडे शिवायचे. एका दुपारी छातीत दुखायला लागलं आणि अमरावतीच्या दवाखान्याची पायरी चढेपर्यंत सगळं संपलं. अकोल्याला माझा भाऊ असतो. त्याचं म्हणणं होतं, की मशीन विकून टाक, घराला कुलूप लाव आणि माझ्याकडे ये. विकण्याआधी मशीन एकदा दुरुस्त करून घ्यावं म्हणून त्यानंच इंदुताईंना पाठवलं होतं. भावाच्या मनात वाईट काही नव्हतं. पण त्या घरात आम्ही दोघांनी एकवीस वर्षं काढली होती. मला ते सोडायचं नव्हतं, आणि धरून कसं ठेवायचं तेही कळत नव्हतं.

ताईंनी मशीन उलटं केलं. दात्यांची पट्टी काढली आणि खाली साचलेला कापडाचा भुगा सुईनं उकरून तळहातावर घेतला.

"खाली हे खाकी. शाळेचं. अन् वरतं हे पांढरं, मांजरपाट हाये. म्हनजे शेवटी मांजरपाट शिवलं. कायचं होतं?"

मी खुंटीकडे बोट दाखवलं. तिथं एक पांढरी पिशवी टांगलेली होती. मी कापूस वेचायला जात असे. बाकीच्या बाया जुन्या लुगड्याचा तुकडा कमरेला बांधतात, त्याची गाठ मानेत अडकवतात आणि त्या झोळीत कापूस टाकत जातात. झोळी भरली की मान ओढली जाते. माझी मान दुखते म्हणून यांनी मला दोन्ही खांद्यांवर पट्टे असलेली, पोटावर बसणारी पिशवी शिवून दिली होती. ती त्यांच्या हातची शेवटची शिलाई. ते गेल्यापासून मी वेचणीला गेले नव्हते.

ताईंनी पिशवी उलटी करून टाके पाहिले आणि जशी होती तशी पुन्हा खुंटीला लावली. मशीनला तेल दिलं, पट्टा बदलला, चहा घेतला. निघताना म्हणाल्या, "मशीन विकायसारखी नाई."

मी घाबरून विचारलं, "खराब झाली काय?"

"नाई. चांगली हाये."

एवढं बोलून त्या बस पकडायला गेल्या.

ताईंना पंचाहत्तर वर्षं पूर्ण होत आहेत. त्यानिमित्त निघणाऱ्या या गौरवग्रंथाचे वाचक अमरावतीचे, अचलपूरचे, अकोल्याचे आहेत. त्यांतल्या बहुतेकांच्या घरातलं मशीन ताईंनी कधी ना कधी उघडलेलं आहे. वडिलांच्या मशीन दुरुस्तीच्या दुकानात त्या सोळाव्या वर्षी बसायला लागल्या आणि वडिलांमागे त्यांनी एकटीनं ते दुकान चालवलं. दुकानात मशीन येईल म्हणून वाट पाहण्यापेक्षा मशीन जिथं आहे तिथं जावं, असं त्यांनी ठरवलं आणि कातडी पिशवी घेऊन एसटीनं गावोगाव फिरल्या. हे सारं माझ्याहून जाणती मंडळी लिहितीलच. संपादकांनी मला सांगितलं, की नवा धंदा सुरू करणाऱ्या बायांना ताई गिऱ्हाईक ओळखायला कशा शिकवतात त्यावर लिहा. मी सातवीपर्यंत शिकलेली. पुढचं सगळं गावच्या वाचनालयातल्या पुस्तकांतून वाचलेलं. त्यामुळे माझ्या बाबतीत जे घडलं तेच लिहू शकते.

ताई गेल्यावर मला ती पिशवीच सुचली. यांनी त्या पिशवीसाठी कापलेला खाकी कागद पेटीत कात्रीखाली होता. त्यावर त्यांच्या अक्षरात मापं लिहिलेली होती. तो कागद कापडावर ठेवून मी वीस पिशव्या शिवल्या आणि गावातल्या वेचणीला जाणाऱ्या वीस बायांना वाटल्या. म्हटलं, आधी वापरून पाहा, आवडली तर पुढं विकायला शिवते. आठ दिवसांनी मी घरोघर जाऊन विचारलं, कशी वाटली? विसाच्या वीस जणी म्हणाल्या, लय छान हाये. एकीनं तर माझे हात हातात घेतले.

मला पंख फुटल्यासारखं झालं. भावाला फोन केला, मी येत नाही, धंदा करते. तो म्हणाला, "वीस बाया छान म्हनल्या अन् तू पैसा लावून राहिली?" मला राग आला. धामणगाव रेल्वेच्या एका कापडवाल्याकडे मांजरपाटाचे ताके सांगून ठेवले. हातात जे काही उरलं होतं ते सगळं त्यात जाणार होतं. वाचनालयातून धंद्यावरचं एक पुस्तक आणलं होतं. त्यात ग्राहकाला देव मानावं असं लिहिलेलं होतं, ते मी वहीत उतरवून घेतलं.

नेमक्या त्याच आठवड्यात ताई तिवशाला कुणाचं तरी मशीन पाहायला आल्या आणि वाट वाकडी करून माझ्याकडे डोकावल्या. मी त्यांना सगळं सांगितलं, वहीही दाखवली. वाचून त्या म्हणाल्या, "देव मानू नको वो. देव बोलत नाई. बाई बोलते. फक्त तिले खरं बोलायची सोय करून द्यावं लागते."

"पन खरंच बोलल्या न ताई. मी समोरासमोर विचारलं."

"म्हनूनच म्हनतो." (ताई घाईत असल्या की पुरुषासारखं बोलतात, हे त्यांच्या ओळखीच्यांना ठाऊक आहे.) "टेलरच्या बाईनं दारात उभं राहून पुसलं, तर तिच्या तोंडावर कोन वाईट म्हनन? ताके थांबव. माह्यासंगं चाल. अन् तथी गेल्यावर पिशवीचं नावही काढू नको."

त्या दुपारी आम्ही चार घरी गेलो. ताईंची रीत मी पहिल्यांदा पाहिली. त्या दारातून बोलत नाहीत. पाणी मागतात, सैपाकघरापर्यंत जातात, खाली बसतात. "कसं वाटलं" हा प्रश्न त्यांच्या तोंडात कधीच नसतो. त्या विचारतात, "काल वेचणीले गेल्ती काय? काय बांधलं होतं?" आणि हे विचारता विचारता त्यांची नजर भिंतीवरच्या खुंट्यांवरून फिरत असते. माणूस ज्याला रोज हात लावतो ते हाताशी टांगतो, असं त्यांचं म्हणणं. वापरातली वस्तू मळलेली असते आणि दाराजवळ असते.

पहिल्या घरात माझ्या पिशवीत तुरीची डाळ भरून ठेवली होती. दुसऱ्या घरात तिच्यात बाळाचे धुतलेले कपडे होते. तिसऱ्या घरात ती कुठं दिसेना. दाराजवळच्या खुंटीला जुन्या लुगड्याचा तुकडा होता, मळलेला, कापसाचे तंतू चिकटलेला. ताईंनी काहीच विचारलं नाही, तरी त्या घरच्या म्हाताऱ्या काकूंनी आपणहून पेटी उघडली. माझी पिशवी नव्या लुगड्याच्या घडीत ठेवली होती.

"टेलरची निशानी हाये," काकू म्हणाल्या. "तिच्यात कापूस कसा भरू वो माय?"

मी बाहेर येऊन ओसरीच्या खांबाला धरून उभी राहिले. गावानं माझं मन राखलं होतं, आणि मी त्याला गिऱ्हाईक समजले होते.

चौथं घर पंचफुलाचं. पंचफुला म्हणजे आमच्या गावातल्या वेचणाऱ्या टोळीची म्होरकी. कोणत्या शेतात जायचं, कोणाला घ्यायचं, सगळं तिच्या शब्दावर चालतं. तिच्या हाताला बोंड लागलं की दोन बोटांत कापूस बाहेर येतो. ताईंनी तिला विचारलं, "काल काय बांधलं होतं?"

"लुगडंच." तिनं माझ्याकडे पाहिलं, मग ताईंकडे. "आता तुमी पुसताच हा तर सांगू काय? ह्या टेलरीणची पिशवी घातली का मले वाटते मी हिच्या झंपरात शिरली. ही ताडासारखी, मी ही अशी बुटकी. घोट्यापर्यंत लोंबते. पऱ्हाटीतून चालतानी अडकते. अन् भरली का रिकामी करायले अख्खी अंगातून काढा, उलटी करा. तवापर्यंत बाजूवाली अर्धी ओळ वेचून पुढं जाते. आमाले किलोवर मजुरी भेटते बाई."

"मंग तवा काहून नाई बोलली?" मी विचारलं.

"कशी बोलू? तू देतानी रडून राहिली होती."

"मी नाई रडली!"

"डोळ्यानं नाई रडली," पंचफुला म्हणाली.

घरी परतल्यावर ताई म्हणाल्या, की कागद नवा कापायला लागेल. लांबी कमी, आणि खालून उघडणारं तोंड. मी नाही म्हटलं. स्पष्टच म्हटलं, की यांनी कापलेलं माप मी बदलणार नाही. गावाला नसेल पाहिजे तर राहू द्या. ताईंनी एकदाच माझ्याकडे पाहिलं, आपली कातडी पिशवी खांद्याला अडकवली आणि गेल्या. धामणगावचे ताके मी आणले नाहीत, पण मशीनवरही बसले नाही. भावाचे फोन येत राहिले. संक्रांतीपर्यंत यायचं नक्की कर, म्हणाला. मीही मनातून हो म्हणत आले होते.

पंधरा दिवसांनी ताई पुन्हा आल्या. कुणी बोलावलं नव्हतं. आल्या आल्या म्हणाल्या, "थो कागद काढ." मी काढला. त्यांनी मला भिंतीला पाठ लावून उभं केलं आणि तो खाकी कागद माझ्या अंगाला लावला. खांद्याला खांदा आला, कमरेला कंबर आली. कुठंही बोटभर कमी नाही, जास्त नाही.

"पाय," त्या म्हणाल्या. ("पाय" म्हणजे आमच्याकडे पाहा.) "हे माप गावाचं नाई. हे तुहं हाये. त्यानं दुकानासाठी नाई शिवली, तुह्यासाठी शिवली. मंग तू गावाले काहून वाटून राहिली?"

एकवीस वर्षांत त्यांनी मला तोंडानं कधी काही म्हटलं नव्हतं, ते त्या कागदावर सगळं लिहिलेलं होतं. मी कागदाची घडी घातली आणि पेटीत तळाला ठेवला. ताई चहा घेईपर्यंत मी रडून घेतलं. मग त्यांनी त्यांच्या पिशवीतून नवा खाकी कागद काढला. तो त्यांनी अमरावतीहून येतानाच आणला होता. माणूस सावरेल असं गृहीत धरून तयारीनं येणं, हा ताईंचा मोठेपणा आहे, आणि याचा अनुभव माझ्यासारखा इथल्या कितीतरी जणींना असेल.

"आता आधी कापू नको," त्या म्हणाल्या. "वेचणीले जा. बाकीच्या बाया बांधतात थेच बांधून जा. ही खुंटीवरची तथंच राहू दे. आठ दिवस फक्त पाय."

मी जुनं लुगडं बांधून पंचफुलाच्या टोळीत गेले. कापूस मी आधीही वेचला होता, पण बायांकडे पाहत वेचला नव्हता. सकाळच्या दवानं झोळी ओली होते आणि पोटाला गार लागते, म्हणून आतून दुहेरी कापड हवं. एकीला तान्हं होतं, तिला धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर, पाजायला बसताना पट्टा एका हातानं सोडता यायला हवा. कोण किती वाकतं, कोण कमरेवर हात ठेवून उभं राहतं, कुणाची गाठ कुठं काचते, ते सगळं मी दुपारच्या भाकरीच्या वेळी वहीत लिहीत असे. बाया चिडवायच्या, "टेलरीण आता कलेक्टर होते काय वो!" पंचफुलानं स्वतःसाठी एकच मागणी केली. "मले समोर एक खिसा दे. तंबाखूची पुडी अन् चुन्याची डबी कमरेतून घडीघडी पडते."

त्या वर्षीची शेवटची वेचणी संपायच्या आत मी सहा पिशव्या नव्यानं शिवल्या. आखूड, खाली नेफा आणि नाडी. नाडी ओढली की कापूस सरळ खाली. या सहा पिशव्यांसाठी भांडणं झाली. एक हरवली तर चोरीचा आळ आला. तिसऱ्या दिवशी त्या मळल्या आणि दाराजवळच्या खुंट्यांवर दिसायला लागल्या. एक बाई नाडी तुटली म्हणून माझ्यावर ओरडत घरी आली. मी ताईंना आनंदानं फोन करून सांगितलं, की बाई भांडून गेली! ताई म्हणाल्या, "आता ती खरी गिऱ्हाईक झाली. आशीर्वाद देनारीच्या मागं नको लागू, तक्रार करनारीच्या मागं लाग."

संक्रांत झाली आणि मी अकोल्याला गेले नाही. भावाला म्हटलं, एक हंगाम दे.

पण धंदा अजून झाला नव्हता. पिशवी सगळ्यांना हवी होती, विकत कुणालाच नको होती. पंचफुलाच म्हणाली, "चांगली हाये वो. पन घरवाल्याले काय सांगू? लुगडं फुकटचं हाये." मला वाटलं, झालं, पुन्हा आपलंच चुकलं. इथं ताईंनी मला जे शिकवलं ते मी कुठल्या पुस्तकात वाचलेलं नाही. त्या म्हणाल्या, "मान जिची दुखते ती एक बाई, अन् खिशात हात घालते ती दुसरी. दोघी एकच असल्या तर बरं, पन काई वेळा नसतात. वेचणीच्या टायमाले सगळ्यात जास्त जीव कोनाचा टांगलेला असते, सांग बरं?"

मी विचार करून म्हटलं, मालकाचा. बोंडं फुटून उभी असतात, वरून आभाळ आलं तर सगळं काळं पडतं, आणि वेचायला बाया मिळत नाहीत.

"मंग तथी चाल."

पोळा झाल्यावर आम्ही एका मोठ्या शेताच्या मालकीणबाईंकडे गेलो. शेतीचा सगळा कारभार त्याच पाहतात. ताईंनी पिशवी बाहेर काढलीच नाही. पाणी मागितलं, ओसरीवर बसल्या आणि विचारलं, "मागच्या वर्षी टोळी मधातच काहून सोडून गेली वो?"

मालकीणबाईंचा बांधच फुटला. "काय सांगू ताई! तीन गावं फिरली मी. ॲटो लावून देतो म्हटलं, चहा देतो म्हटलं. शेजारच्यानं नाश्ता सुरू केला, टोळी तिकडं. अन् ज्या बाया भेटल्या त्यांनी काडीकचरा, कवडी, सगळं एकात भरलं. जिनिंगमधे माल खाली पाडला त्यांनी." कवडी म्हणजे किडका, डागी कापूस. तो चांगल्यात मिसळला की सगळ्याचाच भाव जातो.

ताईंनी मला डोळ्यानं खूण केली. मी पिशवी काढून त्यांच्या हातात दिली. मालकीणबाईंनी पट्टे ओढून पाहिले, नाडी सोडून पाहिली, मग समोरच्या खिशात हात घातला आणि त्यांचा चेहरा उजळला.

"हा खिसा कवडीसाठी होय? म्हनजे वेचतानीच कवडी अलग! हे कोनाच्या डोक्यातून निघालं?"

तो खिसा पंचफुलाच्या तंबाखूचा होता. मी खरं सांगायला तोंड उघडलं, तेव्हा ताईंनी माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. पण लपवलंही नाही. हसत म्हणाल्या, "बाई, हा खिसा मागितला वेचनारीनं तंबाखूसाठी, अन् ओळखला तुमी कवडीसाठी. आता दोन खिसे शिवते ही." मालकीणबाई पोट धरून हसल्या आणि सगळ्या टोळीच्या पिशव्या त्यांनी तिथंच सांगितल्या. मात्र टोळी माझ्याच शेतात आधी आली पाहिजे, अशी अट घातली. ती अट पंचफुलानं पाळली. चांगली पिशवी देणारं शेत तिला दुसरीकडे कुठं मिळणार होतं?

पिशव्या शिवून होईपर्यंत ताई दोनदा आल्या. एकदा मी घाईत कच्चा धागा वापरला होता. ताईंनी एक पिशवी घेतली, दोन्ही हातांनी ओढली आणि पट्टा उसवून माझ्या मांडीवर ठेवला. मी सगळ्या पिशव्यांचे पट्टे उसवून पुन्हा शिवले. दुसऱ्या वेळी आल्या तो यांचा वर्षश्राद्धानंतरचा पहिला वाढदिवस होता. ताईंना ते कसं ठाऊक झालं मला माहीत नाही. त्यांनी मशीन पुसलं, तेल दिलं, ओसरीवर माझ्या शेजारी बसून तूर निवडली आणि संध्याकाळच्या बसनं गेल्या. आजवर तो दिवस त्यांनी एकदाही चुकवलेला नाही. मला वाटतं, ताईंच्या स्वभावाबद्दल याहून जास्त सांगायची गरज नाही.

मग सीतादहीचा दिवस आला. वऱ्हाडात पहिल्या वेचणीच्या दिवशी पऱ्हाटीखाली, म्हणजे कपाशीच्या झाडाखाली, सात खडे मांडून त्यांची पूजा करतात, दहीभाताचा नैवेद्य दाखवतात आणि मगच कापसाला हात लावतात. मालकीणबाईंनी त्या दिवशी पिशव्या वाटायचं ठरवलं होतं. ताई मुद्दाम अमरावतीहून पहिल्या बसनं आल्या. पूजा सुरू झाली तशी मी मागं सरून धुऱ्यावर जाऊन उभी राहिले. मला कुणी सांगितलं नव्हतं. विधवा बाईचे पाय अशा वेळी आपोआप मागं जातात.

पंचफुलानं शेतातून हाक मारली, "ए टेलरीण! तथी उभी राहून का पाहून राहिली? इकडं ये, माहा पट्टा आवळून दे!"

मी तिथंच. मालकीणबाई माझ्याकडे पाहत होत्या. ताई माझ्याजवळ आल्या, बुटांनी धुऱ्यावरचं गवत तुडवत माझ्या पुढून चालत गेल्या आणि सरळ ओळीच्या तोंडाशी जाऊन उभ्या राहिल्या. मी त्यांच्या मागून गेले. मालकीणबाईंनी पहिला दहीभात माझ्याच हातावर ठेवला. मग एकेक बाई माझ्यासमोर येऊन पाठ करून उभी राहत गेली आणि मी एकेकीचे पट्टे आवळत गेले. कुणाला आखूड नाही, कुणाला लांब नाही. सगळ्या ओळीत शिरल्या तेव्हा पांढऱ्या शेतात पांढऱ्या पिशव्यांची एक रांग पुढं पुढं जाताना दिसली. धुऱ्यावर पहिली पिशवी नाडी ओढून रिकामी झाली आणि कापूस सळकन खाली आला, तेव्हा बाया एका आवाजात ओरडल्या. तसा आनंद माझ्या आयुष्यात मला पुन्हा होईल असं वाटलं नव्हतं.

आज माझ्या ओसरीवर सात मशीन चालतात. अचलपूरकडून, अकोल्याकडून शेतमालकांची बोलावणी येतात आणि हंगामाच्या आधी माझ्या घरात पाय ठेवायला जागा नसते. भाऊ आता बायकोला घेऊन सुट्टीत माझ्याकडे येतो आणि नाड्या ओवायला बसतो. नवी बाई धंद्याचा सल्ला मागायला आली, की मी तिला चहा देते आणि सांगते, आधी दहा घरच्या खुंट्या पाहून ये. हे माझं नाही, ताईंचं आहे. अशा किती ओसऱ्यांवर आज ताईंची शिकवण बसलेली आहे, त्याची मोजदाद ताईंनीही ठेवलेली नाही.

इंदुताई, तुम्हाला गौरव आवडत नाही हे आम्हाला ठाऊक आहे. हा ग्रंथ हातात आला की तुम्ही आधी त्याची शिलाई पाहाल, हेही ठाऊक आहे. तुमचे गुडघे एसटीच्या पायऱ्या अशाच चढत राहोत, सुईत दोरा ओवणारी तुमची नजर अशीच राहो, आणि आम्ही शंभरीचा ग्रंथ काढू तेव्हा त्यातल्या चुका दाखवायला तुम्ही समोर बसलेल्या असाव्यात. आम्हा सगळ्याजणींचं आयुष्य तुम्हाला लाभो असं म्हणणार नाही, कारण तुम्ही ते घेणार नाही. तुमचंच तुम्हाला भरपूर, निरोगी लाभो.

सीतादहीच्या त्या दिवसाचं एक सांगायचं राहिलं. संध्याकाळी मी ताईंना बसथांब्यावर सोडायला गेले. बस यायला वेळ होता. ताई म्हणाल्या, "आज सगळ्या खुश होत्या. आजचं खरं मानू नको. उद्या पाय." मग बस आली. त्या चढल्या, खिडकीपाशी बसल्या आणि बस वळेपर्यंत हात हलवत राहिल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी सडा टाकला, नळाचं पाणी भरलं, चहा घेतला. खुंटीवरची यांनी माझ्यासाठी शिवलेली पिशवी काढली, खांद्यात घातली, आणि पंचफुलाच्या टोळीबरोबर वेचणीला गेले.